आभाळातला भाऊबंद

नरडाण्याच्या आमच्या मामांना माझा ताऱ्यांचा नाद मुळीच पसंत नाही. "अरे, वर काय ठेवलंय? जे काय आहे ते इथं!" असे म्हणून ते काळ्या ढेकळावर टाच आपटतात. औद्योगिक वसाहत झाल्यापासून त्या ढेकळांचाही भाव चढला आहे, आणि शेत विकावे की काय, असे यंदा त्यांच्या मनात घोळते आहे.

मी त्यांना आपल्या खानदेशातलीच हकीकत सांगितली. २९ जून १८४३ रोजी एदलाबादजवळ (आता त्याला मुक्ताईनगर म्हणतात) मानेगावात आभाळातून दगड पडला. मंगळ आणि गुरू यांच्या दरम्यान फिरणाऱ्या वेस्टा या लघुग्रहाचा तो तुकडा असावा, असे शास्त्रज्ञ मानतात. 'डॉन' यानाने २०११-१२ मध्ये वेस्टाभोवती घिरट्या घालून जी निरीक्षणे केली, त्यांनी या समजुतीला बळकटीच दिली.

गंमत अशी, वाचकहो, की तो दगडही मुळात वितळलेला रस, आणि मामांच्या शेताखालचा साडेसहा कोटी वर्षांपूर्वीचा काळा पाषाणही तसाच! पायरॉक्सिन कुळीचे खनिज दोघांतही सापडते. म्हणजे भाऊबंदच म्हणा ना. पण वेस्टावर पाऊस नाही, मुळे नाहीत, गांडुळे नाहीत. तिथला दगड दगडच राहिला. आपल्या दगडाची माती झाली. बोटभर थर व्हायलाही शतके लागतात.

"म्हणजे तिथं कापूस नाही?" मामांनी विचारले.

"कुसळसुद्धा नाही, मामा."

मामा बराच वेळ वर पाहत राहिले. मग म्हणाले, "त्या दलालाला म्हणावं, दिवाळी होऊ दे."