लंडन कराराचा विसर

जगात कोठेही युद्धाने एखादा प्रदेश बेचिराख झाला की ‘नव्या मार्शल योजने’ची मागणी होते. १९४८ ते १९५२ या काळात अमेरिकेने पश्चिम युरोपला सुमारे १३ अब्ज डॉलर दिले व त्यांतील बहुतांश रक्कम परतफेडीची नव्हती, हे खरेच आहे. कम्युनिस्टांना रोखण्याचा हेतू त्यामागे होता हेही खरे. पण त्यात नवल काय? मात्र पश्चिम जर्मनीच्या पुनरुत्थानाचे सारे श्रेय या डॉलरना देणारे २७ फेब्रुवारी १९५३ चा लंडन करार सोयिस्करपणे विसरतात.

पहिल्या महायुद्धानंतर लादलेल्या खंडणीतून काय पिकले, हे जगाने पाहिले होते. ती चूक पुन्हा करावयाची नाही एवढे शहाणपण लंडनला जमलेल्या धनको राष्ट्रांना सुचले. युद्धापूर्वीचे व युद्धानंतरचे मिळून जर्मनीचे परकीय कर्ज सुमारे निम्म्याने कमी करण्यात आले. उरलेल्याचे हप्ते ऐपतीला झेपतील असे लांबविण्यात आले. युद्धाच्या नुकसानभरपाईचा प्रश्न तर अंतिम तह होईपर्यंत बाजूलाच ठेवला गेला. कर्जदार जगला तरच कर्ज फिटते, हा साधा हिशेब. गावच्या सावकारालाही तो कळतो, फक्त तो मानीत नाही.

सही करणाऱ्या धनकोंत ग्रीसही होता. १९४१ साली नाझी फौजांनी तो देश व्यापला आणि पहिल्याच हिवाळ्यात अथेन्सच्या रस्त्यांवर माणसे उपासमारीने पडू लागली. ग्रीसच्या मध्यवर्ती बँकेकडून जबरीने कर्जही उकळण्यात आले. त्याच ग्रीसने जर्मनीला सवलत देणारा हा करार मान्य केला.

एकीकरणापर्यंत तहकूब ठेवलेल्या व्याजापोटी काढलेल्या रोख्यांचा शेवटचा हप्ता जर्मनीने ३ ऑक्टोबर २०१० रोजी फेडला. त्याच वर्षी मे महिन्यात ग्रीसला पहिले ‘बचाव कर्ज’ मिळाले आणि निवृत्तिवेतन व मजुरी यांवर कुऱ्हाड कोसळली. १९५३ च्या धर्तीवर युरोपीय कर्जपरिषद भरवा, अशी मागणी तेथील सिरिझा पक्षाने केली. मूळ रकमेत सूट देण्यास बर्लिनने नकार दिला. नियमांवर बोट ठेवले. ५ जुलै २०१५ च्या सार्वमतात ग्रीक जनतेने धनकोंच्या अटी फेटाळल्या. आठवडाभरातच, १३ जुलैला, त्यांच्या सरकारला तितक्याच, किंबहुना अधिक जाचक अटींपुढे मान तुकवावी लागली.