रोवणीच्या घाईत अपिलाची तारीख चुकवू नका

आज खोडकिड्यावर नाही, धुऱ्याच्या अन् वाटणीच्या केसवर लिहितो. मी वकील नाही, पण हे सांगणं गरजेचं वाटलं.

खालच्या कोर्टात हरलो, गोंदियाच्या जिल्हा न्यायालयात अपील टाकलं, की आपण समजतो झालं काम. तसं नसते. पुकारा झाला आणि अपील करणाऱ्याकडून कोणीच हजर नसलं, तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 41, नियम 17 प्रमाणे कोर्ट ते अपील तेवढ्यावरच फेटाळू शकते. बांधी कोणाची, हे तपासलंच जात नाही अन् खालचा निकाल कायम राहतो. ज्याची बाजू खरी, तोही असा हरतो. पिकावरच्या रोगापेक्षा मला हे जास्त लागते.

नियम 19 खाली अपील परत सुरू करता येते. अर्ज 30 दिवसांत करावा लागतो, कारणही पुरेसं पाहिजे. वकिलाच्या गैरहजेरीची शिक्षा पक्षकाराला नको, असं सुप्रीम कोर्टाने 1981 मध्ये रफिक विरुद्ध मुन्शीलाल प्रकरणात म्हटलं. पण त्या भरवशावर बसू नका. ‘रोवणी सुरू होती’ हे कारण कोर्ट मानेलच असं नाही.

ई-पीक पाहणी आपण मोबाईलवर करतोच ना? तसंच ‘ई-कोर्ट्स सर्व्हिसेस’ ॲप घ्या, फुकट आहे. वकील साहेबांकडून केसचा 16 आकडी-अक्षरी सीएनआर नंबर मागा. लाजू नका, केस तुमची आहे. तो टाकला की पुढची तारीख दिसते. पऱ्हे टाकायच्या आधीच बघून ठेवा, अन् तारखेच्या आदल्या दिवशी वकिलांना एक फोन कराच.