मोहगावचा रजेचा अर्ज

नागपूरहून सावनेर ओलांडून छिंदवाड्याच्या रस्त्याला लागलं की पाट्या हिंदी होतात, माणसं मात्र मराठीच बोलत राहतात. सौंसरजवळच्या मोहगावला मी गेलो होतो ते अर्धनारीश्वराचं देऊळ पाहायला. देऊळ पाहून झालं, चहाला बसलो, आणि टपरीवरच्या एका म्हाताऱ्याशी गप्पा सुरू झाल्या. मी गोव्याचा म्हटल्यावर आधी समुद्राची चौकशी झाली. मग म्हणाला, "आमचा पुतण्या महाराष्ट्राच्या जेलात हाये. बाप मेला तवा सुट्टीचा कागद टाकला व्हता. कागद आला तवा तेरवी होऊन गेल्ती."

त्यानं हे तक्रारीच्या सुरात सांगितलं नाही, पाऊस उशिरा आला असं सांगावं तसं सांगितलं.

१ नोव्हेंबर १९५६ पर्यंत नागपूर आणि छिंदवाडा एकाच राज्यात होते. मग रेघ पडली. महाराष्ट्रातल्या कैद्याच्या रजेला १९५९ चे मुंबई फर्लो व पॅरोल नियम लागू आहेत, मध्य प्रदेशातल्या कैद्याला १९८९ चे रजा नियम. मोहगावचा माणूस महाराष्ट्राच्या तुरुंगात असला की अर्ज एका राज्यात आणि गावची पोलीस चौकशी दुसऱ्या राज्यात! कागदाला दोन सरकारं ओलांडावी लागतात, मरणाला लागत नाहीत.

फर्लो आणि पॅरोल यांत आपण नेहमी घोळ घालतो. पॅरोल, म्हणजे अभिवचन रजा, कारणासाठी मिळते: घरातलं मरण, गंभीर आजार, लग्न. ते दिवस शिक्षेत धरले जात नाहीत. फर्लो, म्हणजे संचित रजा, हिला कारण लागत नाही. ठरावीक शिक्षा भोगली, वागणूक चांगली ठेवली की ती मागता येते आणि ते दिवस शिक्षेतच मोजले जातात. घराशी नातं तुटू नये, माणूस आतल्या आत कुजू नये, एवढाच हेतू. सर्वोच्च न्यायालयाने २०१७ मध्ये अस्फाक खटल्यात हा सुधारणेचा हेतू मान्य केला. २०२१ मध्ये नारायण साई प्रकरणात मात्र फर्लो हा निरपवाद हक्क नाही असंही बजावलं. मला दोन्ही पटतं.

कारण दुसरी बाजूही आहेच. मुंबईत वडाळ्याला एका तरुण वकील मुलीचा खून करणारा पहारेकरी २०१६ मध्ये पॅरोलवर सुटला तो परतलाच नाही, २०१७ मध्ये काश्मिरात सापडला. त्या मुलीच्या आईबापांसमोर बसून कैद्याच्या हक्कांवर व्याख्यान द्यायची माझी छाती नाही. नियम कडक झाले ते समजण्यासारखं आहे. पण कडक नियम कोणाला नडतात? संजय दत्त येरवड्यात असताना पॅरोल-फर्लोवर किती वेळा घरी आला ते आपण वर्तमानपत्रांत वाचलंच. डेरावाले बाबा राम रहीम २०१७ च्या शिक्षेनंतर इतक्यांदा बाहेर आले की मी मोजणं सोडलं. त्यांच्या बाबतीत शांतता भंग होण्याची भीती कोणाला वाटत नाही. जामीन राहायला कोणी ऐपतदार नसलेल्या शेतमजुराच्या अर्जावर ती भीती बरोबर उमटते.

आपल्याकडे विश्वासाचा प्रयोग झालेला नाही असंही नाही. १९३९ मध्ये औंध संस्थानात आटपाडीजवळ स्वतंत्रपूरला मॉरिस फ्रीडमन यांनी खुला तुरुंग उभारला. शांतारामबापूंचा १९५७ चा 'दो आँखें बारह हाथ' त्यावरूनच सुचला. सिनेमाला आपण टाळ्या दिल्या. असो.

गोव्यात तरी काय वेगळं? आग्वादचा तुरुंग २०१५ मध्ये कोलवाळला गेला, आणि जुन्या कोठड्यांत आता संग्रहालय आहे. स्वातंत्र्यसैनिकांच्या कोठडीपुढे आपण हळवे होतो. कोलवाळवरून गाडीने जाताना भिंतीकडे बघतही नाही. मीही बघत नव्हतो.

माझं मागणं लहान आहे. मरणाच्या कारणासाठी आलेल्या अर्जावर दोन दिवसांत लेखी उत्तर मिळावं, हो किंवा नाही. नाही म्हणायचं तर कारण त्या माणसाविषयीचं असावं, छापील नको. सोबत पोलीस द्या हवं तर, पण स्मशानापर्यंत तरी न्या.

म्हाताऱ्याला विचारलं, मग पुतण्या आला का नंतर? म्हणाला, "आला ना. चार रोज ऱ्हायला. बापाची बैलजोडी इकली व्हती, थे बी त्याले तवाच कयलं."