लिनक्सच्या वादात हसण्यावारी नेलेली शंका

१/ सप्टेंबर २०१३. लिनक्सच्या कर्नलमधून ‘आरडीरँड’चा आधार काढून टाकावा, अशी ऑनलाइन याचिका आली आणि लिनस टोरव्हाल्ड्स यांनी याचिकाकर्त्याचे अज्ञान काढून ती उडवून लावली. हा किस्सा आजही चवीने सांगितला जातो. सांगणारे अर्धाच इतिहास सांगतात.

२/ आरडीरँड ही इंटेलच्या प्रोसेसरमधील आज्ञा. २०१२ च्या ‘आयव्ही ब्रिज’ पिढीपासून आलेली. ती यादृच्छिक संख्या पुरवते. कूटलेखनाच्या किल्ल्या अशाच संख्यांतून घडतात. संख्येचा अंदाज बांधता आला, की कुलूप कितीही भक्कम असो, व्यर्थच.

३/ शंकेला काळाचा संदर्भ होता. अमेरिकेची एनएसए कूटलेखनाची मानके व उत्पादने हेतुपुरस्सर कमकुवत करते, हे स्नोडेनच्या कागदपत्रांतून त्याच महिन्यात प्रसिद्ध झाले. ‘ड्युअल ईसी’ या अमेरिकी मानकात चोरवाट असू शकते, हे तर २००७ मध्येच दाखवले गेले होते. मग बंद चिपवर संशय घेण्यात अडाणीपणा कोणता?

४/ ‘संख्या तपासून पाहा’ हे उत्तर पोकळ आहे. आरडीरँडची संख्या चिपमध्येच एईएसमधून जाऊन बाहेर पडते. गुप्त किल्ली घेऊन १, २, ३ हे आकडे एईएसने कूटबद्ध केले, तरी निकाल संख्याशास्त्रीय चाचण्यांत यादृच्छिकच ठरेल. कर्नलची ओळ न् ओळ वाचता येते. चिपचे अंतरंग नाही.

५/ टोरव्हाल्ड्स यांचे म्हणणे असे, की आरडीरँड हा अनेक स्रोतांपैकी एक आहे. तो सदोष निघाला तरी मिश्रण बिघडत नाही. तत्त्व रास्तच. (एकाच बखरीवर इतिहास रचू नये, हे इतिहासाच्या विद्यार्थ्याला वेगळे सांगावे लागत नाही.) पण तेव्हा चिपची संख्या अगदी शेवटच्या पायरीवर ‘एक्सॉर’ने मिसळली जाई. म्हणजे अखेरचा हात चिपचाच! पुढे थिओडोर त्सो यांनी तो क्रम बदलून चिपची भर एसएचए-१ च्या प्रक्रियेआधी घेतली. हार्डवेअरमध्ये चुकून वा मुद्दाम राहिलेला दोष निष्प्रभ व्हावा, हे कारणही नोंदवले. शंका खुळी असती, तर ही दुरुस्ती कशासाठी?

६/ केवळ आरडीरँडवर विसंबावे, असा इंटेलच्या अभियंत्यांचा दबाव आपण झुगारला, हेही त्सो यांनी जाहीरपणे सांगितले. फ्रीबीएसडीनेही त्याच सुमारास इंटेल व व्हिया यांच्या चिपमधील संख्या थेट न वापरता ‘यारो’मधून गाळून घेण्याचे ठरवले. याचिकेची थट्टा लक्षात राहिली. हे निर्णय विस्मरणात गेले.

७/ २०१९ मध्ये एएमडीच्या काही जुन्या प्रोसेसरांत संगणक झोपेतून जागा झाल्यावर आरडीरँड दरवेळी एकच संख्या देत असल्याचे दिसले, तेही ‘यशस्वी’ असा शेरा मारून. इथे कोणी हेर नव्हता; साधा दोष होता. लिनक्सने त्या प्रोसेसरांवर ही आज्ञा वापरणेच थांबवले.