जड शब्द, हलका अर्थ

मराठींत शास्त्रीय विषयावर चार ओळी लिहूं लागलें कीं दोन प्रकारचे टीकाकार ताबडतोब उभे राहतात. एकास प्रत्येक मराठी संज्ञा जड वाटते; दुसऱ्यास संज्ञा घडविली म्हणजे शास्त्रच मराठींत आलें असें वाटतें. पहिला हंसतो, दुसरा कोशांत नोंद करून स्वस्थ बसतो, आणि शब्दाचा अर्थ काय हा प्रश्न दोघांच्याहि दारावरून तसाच परत जातो. हें भांडण जुनें आहे, व तें पुन्हा उकरून काढण्याची आम्हांस हौस नाहीं. परंतु 'विद्युत्-बहुवारिकीकरण' या एका शब्दाची मराठी विज्ञानलेखनांत जी ओढाताण चालली आहे, ती पाहून गप्प बसणें योग्य नव्हे. कारण येथें शब्द जड म्हणून टाकणारे आणि शब्द आपला म्हणून मिरविणारे, असे दोघेहि त्याचा एकच चुकीचा अर्थ करीत आहेत.

प्रथम जडपणाचा आरोप पाहूं. 'इलेक्ट्रोपॉलिमरायझेशन' हा शब्द देवनागरींत लिहून अक्षरें मोजलीं तर अकरा भरतात. 'विद्युत्-बहुवारिकीकरण' यांत दहा अक्षरें आणि एक पाय मोडका 'त्' आहे. म्हणजे वजनांत फरक जवळजवळ नाहींच; फरक आहे तो संवयीचा. एखाद्या व्याकरणशास्त्र्यानें हट्टानें संधि करून 'विद्युद्बहुवारिकीकरण' असें लिहिलें, तर मात्र जडपणाच्या तक्रारीवर आम्हीहि सही करूं. मधली आडवी रेघ ठेवली कीं तक्रार मिटते.

आतां अर्थ. 'बहुवार' म्हणजे पुष्कळ वेळां. एकच लहान रेणु पुन्हा पुन्हा जोडला जाऊन जी लांब सांखळी होते, तें बहुवारिक. तो लहान घटक तें एकवारिक. वारकऱ्याची वारी म्हणजेहि तीच वाट पुन्हा पुन्हा चालणें, हें ज्या भाषेंत पोरासोरांस ठाऊक आहे तिला हा शब्द परका कां वाटावा? गिरगांवांतील किंवा दादरच्या कापडाच्या दुकानांत 'बहुवारी' म्हटलें तर नऊवारी लुगड्याहूनहि लांब वस्त्र पुढें येईल, ही थट्टा आम्ही ऐकली आहे; तिच्यांत विनोद आहे, पण सांखळीची लांबी लक्षांत ठेवण्यास ती थट्टाहि उपयोगी पडते. ग्रीक भाषेंतून घडविलेला मूळ शब्द केवळ 'अनेक भाग' एवढेंच सांगतो. ते भाग एकसारखे आहेत व एकापुढें एक येतात, हें तो सांगत नाहीं. आपला शब्द सांगतो. शिवाय त्या ग्रीक शब्दाचा इतिहासहि फारसा सोंवळा नाहीं. स्वीडनच्या बर्झीलियस यांनी १८३३ च्या सुमारास तो घडविला तेव्हां त्यांच्या मनांत सांखळी नव्हतीच. घटकांचें प्रमाण एकच पण रेणुभार निराळा, अशा पदार्थांस त्यांनी तें नांव दिलें. आजचा अर्थ त्यांत भरण्याचें काम जर्मनीच्या श्टाउडिंगर यांनी १९२० पासून पुढें, मोठमोठ्या रसायनज्ञांचा विरोध सोसून केलें. अर्थ शब्दाच्या पोटांतून आपोआप बाहेर पडत नाहीं, तो वापरानें त्यांत घालावा लागतो, हें ज्या इंग्रजी शब्दाच्या प्रेमानें आपण मराठीस हंसतों त्याच्याच चरित्रांत लिहिलेलें आहे.

एकरूपतेच्या नांवाखालीं हिंदींतील 'बहुलक' घ्यावा अशीहि एक सूचना अधूनमधून येते. ती करणाऱ्यांनी दहावीचें गणिताचें पुस्तक उघडून पाहावें. संख्याशास्त्रांत ज्या प्राप्तांकाची वारंवारता सर्वांत अधिक, त्यास मराठींत बहुलक म्हणतात. त्याच मुलानें पुढच्याच तासास विज्ञानाच्या पुस्तकांत प्लॅस्टिकलाहि बहुलक म्हणावें काय? मराठी विश्वकोशानें 'बहुवारिक' स्वीकारला, शालेय पुस्तकांनीहि तोच ठेवला, हें त्यांनी ठीकच केलें.

परंतु 'बहुवारिकीकरण' निर्दोष ठरला म्हणून त्याच्यापुढें 'विद्युत्' चिकटविल्यानें होणारा समासहि आपोआप स्पष्ट होतो असें नव्हे. खरा घोटाळा येथेंच आहे. विद्युत् हें पद मराठींत कसल्याहि नात्यानें पुढच्या शब्दास येऊन मिळतें. विद्युत्-अपघटन म्हणजे विजेनें केलेलें अपघटन. विद्युत्-रोध म्हणजे विजेला होणारा रोध. विद्युत्-निर्मिति म्हणजे विजेची निर्मिति. एक तृतीया, एक चतुर्थी, एक षष्ठी. मग विद्युत्-बहुवारिकीकरणाचा विग्रह कोणता? कोशकारांनी तो सांगितला नाहीं, आणि लेखकांनी तो आपापल्या सोयीनें केला.

म्हणून वस्तु काय आहे तें आधीं पाहिलें पाहिजे. १८६२ साली लंडनचे हेन्री लेथबी यांनी ॲनिलीन गंधकाम्लांत विरघळवून त्यांतून वीज सोडली, तेव्हां बॅटरीच्या धन टोकास जोडलेल्या प्लॅटिनमवर निळसर हिरवा थर जमला. त्यांनी त्यास निळा पदार्थ म्हटलें. याहून अधिक सांगणारी संज्ञा त्या वेळीं कोणत्याच भाषेंत नव्हती. १९७९ साली कॅलिफोर्नियांत आय. बी. एम.च्या प्रयोगशाळेंत डायझ व त्यांचे सहकारी यांनी याच मार्गानें पिरोलपासून एक काळा, सोलून काढतां येणारा आणि वीज वाहून नेणारा पापुद्रा मिळविला, व या विषयास नवा बहर आला. घडतें तें असें. द्रावणांतील एकवारिकाचा रेणु धातूच्या पट्टीशीं आला कीं त्याचा एक इलेक्ट्रॉन ती पट्टी काढून घेते. असे दोन उणावलेले रेणु एकमेकांस जुळतात, दोन हायड्रोजन सोडून देतात, आणि ती जोडी पुन्हा इलेक्ट्रॉन गमावून तिसऱ्यास जुळते. सांखळी वाढतां वाढतां द्रावणांत राहण्याइतकी लहान उरत नाहीं आणि पट्टीवरच बसते. पिरोलच्या बाबतींत दर घटकामागें सुमारें दोन इलेक्ट्रॉन या जोडण्याच्या कामीं खर्च होतात. शिवाय तीन किंवा चार घटकांमागें आणखी एक इलेक्ट्रॉन तयार सांखळींतून जातो, आणि त्याची भरपाई करण्यासाठीं द्रावणांतील ऋण आयन पापुद्र्यांत शिरून बसतात. त्या पापुद्र्याच्या अंगीं वीज वाहून नेण्याचा गुण येतो तो या शेवटच्या व्यवहारामुळें.

यावरून विग्रह स्वच्छ होतो. येथें वीज हें साधन आहे. तृतीया तत्पुरुष, दुसरें कांहीं नाहीं. पण आमच्या विज्ञान-पुरवण्यांत या शब्दाखालीं काय काय खपतें? कोणी वीज वाहून नेणाऱ्या बहुवारिकाच्या निर्मितीस सरसकट हें नांव देतो. त्यास एवढेंहि ठाऊक नसतें कीं अशा पदार्थांबद्दल २००० सालचें रसायनशास्त्राचें नोबेल पारितोषिक हीगर, मॅकडायर्मिड आणि शिराकावा यांस मिळालें, आणि त्यांचें गाजलेलें पॉलिॲसिटिलीन विजेनें बनविलेलें नव्हतेंच. तें उत्प्रेरकाच्या साह्यानें बनविलेलें होतें. ॲनिलीनमध्यें अमोनियम परसल्फेट घातलें तर विजेवांचूनच हिरवें, वीजवाहक पॉलिॲनिलीन मिळतें. उलट फिनॉलच्या द्रावणांत वीज सोडली तर पट्टीवर जो पापुद्रा बसतो तो वीज वाहून नेत नाहीं. तो स्वतःच प्रवाहाची वाट बुजवितो आणि आपली वाढ थांबवून घेतो. पहिल्यांत वाहकता आहे, विद्युत्-बहुवारिकीकरण नाहीं. दुसऱ्यांत विद्युत्-बहुवारिकीकरण आहे, वाहकता नाहीं. ज्या शब्दानें या दोहोंतला भेद दाखवावयाचा तोच शब्द भेद पुसण्यासाठीं वापरणें, यास विज्ञानप्रसार म्हणतां येत नाहीं.

दुसरा घोटाळा कारखान्यांतला. मोटारींच्या सांगाड्यांस गंज लागूं नये म्हणून ते एका टाकींत बुडवून, वीज सोडून रंगवितात. त्या टाकींत राळेचे विद्युद्भारित कण तयारच असतात. वीज त्यांना फक्त ओढून लोखंडावर नेऊन बसविते, आणि पुढें भट्टींत तो लेप पक्का होतो. यांत वीज हमालाचें काम करते, सुताराचें नव्हे. याला लेपन म्हणावें. अंधेरीस मरोळ-साकीनाक्याकडे मुलामा देण्याचे जे लहान कारखाने होते, त्यांतला कामगार 'प्लेटिंग' आणि 'कलर' यांत कधीं गफलत करीत नसे. पदवीधर लेखकानें ती करावी हें नवल आहे.

तिसरा भेद अधिक बारीक आहे, आणि तो तज्ज्ञांच्या हातूनहि सुटतो. कांहीं एकवारिकांत वीज फक्त आरंभ करून देते. पुढची सांखळी आपल्याच बळावर वाढते. काडी ओढली कीं वणवा आपणच पसरतो, तसा हा प्रकार. पिरोलचा प्रकार जात्यासारखा आहे: प्रत्येक फेऱ्यास खुंट्याला हात लागलाच पाहिजे. पहिल्यास आम्ही 'विद्युत्प्रारब्ध बहुवारिकीकरण' म्हणूं. 'प्रारब्ध' म्हटल्यानें मराठी कानास दैवाचा वास येईल. पण रसायनाच्या वर्गांत त्यानें कोणाचें वाईट होईलसें वाटत नाहीं. वीज वाहून नेणाऱ्या पदार्थास 'विद्युद्वाहक बहुवारिक' असा सरळ शब्द आहेच.

येथें कोणी विचारील, कीं एवढी काथ्याकूट कोणासाठीं? यंत्रें परदेशचीं, निबंध इंग्रजींत, मग मराठी संज्ञेची चिकित्सा कशाला? याचें उत्तर उपनगरांतच आहे. पवईची आय. आय. टी. १९५८ साली स्थापन झाली. तेथें कॉन्ट्रॅक्टर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी गेल्या शतकाच्या शेवटच्या दशकांत विजेनें बसविलेल्या पॉलिॲनिलीनच्या पापुद्र्यांत विकरें अडकवून ग्लुकोज व यूरिया ओळखणारे संवेदक तयार केले. हें काम जेथें झालें तेथून मुलुंड, घाटकोपर किंवा अंधेरी कांहीं कोसांवर आहे. त्या गांवांतील मराठी शाळेंत दहावीपर्यंत शिकलेला मुलगा 'बहुवारिक' हा शब्द अर्थासह शिकून आलेला असतो. अकरावीस विज्ञानशाखा इंग्रजींतून सुरू होते, त्या दिवशीं त्याच्या हातांतील ती नाणीं कोणी खोटीं ठरवीत नाहीं. फक्त तीं चालतील असें दुकान कोठें उरत नाहीं. मग तो इंग्रजी व्याख्या पाठ करतो. पदवीच्या वर्गांत 'या क्रियेंत वीज नेमकें काय करते?' असें विचारलें तर व्याख्या येते, उत्तर येत नाहीं. आमच्यापुढें अशीं मुलें वर्षानुवर्षें बसलीं आहेत; तीं मंद नव्हतीं.

आम्ही मराठी शब्दांचे आंधळे कैवारी आहों असें कोणी समजूं नये. जेथें मराठी संज्ञा खरोखर सदोष आहे तेथें ती टाकावी, आणि असा एक शब्द याच विषयांत आहे. तो म्हणजे 'धनाग्र'. फॅरडे यांनी १८३४ साली ह्यूएल यांच्या सल्ल्यानें ॲनोड व कॅथोड हीं नांवें घेतलीं तीं मोठ्या विचारानें. 'ध्रुव' म्हटलें कीं आकर्षणाची कल्पना येते म्हणून त्यांनी तें टाळलें. ॲनोड म्हणजे वर जाण्याची वाट, कॅथोड म्हणजे उतरण्याची वाट. त्यांत धन-ऋण यांचें नांवहि नाहीं. आम्हीं मात्र ॲनोडचें धनाग्र केलें. वर सांगितलेल्या प्रयोगांत तें चालून जातें, कारण ऑक्सिडीकरण होतें ती पट्टी बॅटरीच्या धन टोकासच जोडलेली असते. पण हातबत्तीच्या साध्या घटाकडे पाहा. तेथें ऑक्सिडीकरण जस्ताच्या भांड्याचें होतें; म्हणजे जस्त हा ॲनोड, आणि तेंच घटाचें ऋण टोक! विद्यार्थ्यानें ऋण टोकास धनाग्र म्हणावें, कीं ऑक्सिडीकरण ऋणाग्रावर होतें असें लिहावें? दोन्ही वाटांनीं तो फसतो, आणि दोष त्याच्या माथीं बसतो. येथें 'ॲनोड' हाच शब्द मराठींत बिनदिक्कत घ्यावा असें आमचें मत आहे. गंमत अशी, कीं 'बहुवारिकीकरण' ऐकून पोट धरून हंसणाऱ्यांपैकीं कोणी धनाग्राविरुद्ध एक अक्षर लिहिल्याचें आमच्या पाहण्यांत नाहीं. धनाग्र उच्चारावयास सोपा आहे ना!

कोशकारांकडे आमचें मागणें लहान आहे. वांद्र्याच्या भाषा संचालनालयाचे परिभाषाकोश असोत कीं विश्वकोशाचा परिभाषासंग्रह असो, त्यांत इंग्रजी शब्दासमोर मराठी शब्द असतो आणि तेथेंच ओळ संपते. शब्दासमोर शब्द ठेवल्यानें विग्रह कळत नाहीं. या एका संज्ञेपुरती तरी नोंद अशी असावी: विद्युत्-बहुवारिकीकरण — द्रावणांतील एकवारिकाचें विद्युत्-अग्रावर विजेच्या योगें ऑक्सिडीकरण किंवा क्षपण घडवून तेथेंच बहुवारिक तयार करणें, तयार बहुवारिकाचा लेप देणें यांत येत नाहीं, होणारें बहुवारिक विद्युद्वाहक असेलच असें नाहीं.