के/डी किती रे तुझा?

मराठी विभागासाठी काहीतरी लिही, असं संपादक मंडळातल्या मैत्रिणीने सांगितलं तेव्हा मी आधी हसलेच. आमची शाळा कॉन्व्हेंट, मधल्या सुट्टीत मराठीत बोललं तर दोन रुपये दंड. त्यामुळे माझं मराठी अर्धं आजीकडून आणि अर्धं मेसच्या रांगेत शिकलेलं. ऱ्हस्व-दीर्घ चुकलं तर सांभाळून घ्या. पण विषय आपल्या विंगमधलाच आहे, त्यावरची भांडणं मराठीतच होतात, म्हटलं लेखही मराठीतच होऊन जाऊ दे.

तर झालं असं. गेल्या सेमिस्टरला कॉलेजच्या फेस्टमध्ये काउंटर-स्ट्राइक २ ची लॅन टूर्नामेंट होती. (स्टाफपैकी जे २००० च्या दशकात इंजिनिअरिंगला होते त्यांना काउंटर-स्ट्राइक १.६ नक्की आठवत असेल. तुम्ही लॅबमध्ये काय करत होतात ते आम्हाला माहीत आहे, सर! त्याच गेमचं हे २०२३ मध्ये आलेलं नवं रूप.) पाच विरुद्ध पाच. एक बाजू बॉम्ब लावणार, दुसरी तो लागू देणार नाही किंवा निकामी करणार. आधी तेरा राउंड जिंकेल तो जिंकला.

पाच जागा आणि खेळणारे अकरा. टीम निवडायचं काम माझ्या गळ्यात पडलं, कारण एक्सेल शीट बनवायचा उत्साह फक्त मलाच असतो. मी सगळ्यांचे प्रोफाइल उघडले, आकडे उतरवले, के/डी च्या कॉलमवर सॉर्ट मारला आणि वरचे पाच घेतले. के/डी म्हणजे तुम्ही किती जणांना मारलं भागिले तुम्ही किती वेळा मेलात. सोपं, स्वच्छ, कोणाला बोलायला जागा नाही. असं मला वाटलं.

त्या सॉर्टमध्ये काका बाहेर गेला. काका म्हणजे आमचा बॅचमेट, वय एकवीस, पण आवाज आणि सल्ले दोन्ही काकांसारखे, म्हणून नाव पडलं. त्याचा के/डी एकच्या खाली होता. त्याच्या जागी एक ज्युनिअर आला, त्याचा बराच वर. काका काही बोलला नाही. 'बरं' म्हणाला आणि ग्रुपवर थम्स-अप टाकला. दुसऱ्याच मॅचला आम्ही हरलो, तेही धुलाई होऊन.

हरण्याचं एवढं काही नाही. पण नंतर मी त्या मॅचचं रेकॉर्डिंग, ज्याला डेमो म्हणतात, ते बसून बघितलं आणि मला माझ्या शीटची लाज वाटली. मिराज मॅपवर बॉम्ब लागलेला, फुटायला चाळीस सेकंद, आमचे दोघे तो निकामी करायला धावतायत आणि आमचा हुकमी एक्का लांब कोपऱ्यात हातातली महागडी रायफल वाचवत बसलाय. दोघे मेले, राउंड गेला. मग विरोधक बॉम्बपासून पळत असताना त्याने त्यातला एक टिपला. राउंड हातातून गेलेलाच होता. पण स्कोअरबोर्डवर? किल एक, डेथ शून्य. के/डी वाढला! मॅचभर हेच चाललं होतं. हरलेल्या टीममध्ये आकडा सगळ्यात चांगला त्याचाच, आणि त्याची तक्रारही तीच, 'मी तर माझं काम केलं.' त्या पोराला तरी काय बोलणार, आकडा बघून घेतलं तर तो आकडाच जपणार.

तेव्हापासून मी या आकड्यांच्या मागे लागले. माझं मत आधीच सांगून टाकते. आकडे बघू नका असं मी म्हणणार नाही, मला स्वतःला बघायला खूप आवडतात. पण आपण ते बघतो फार आणि वाचत अजिबात नाही.

आधी के/डी च. प्रत्येक किल ही समोरच्या कोणाची तरी डेथ असते. म्हणजे सगळ्या खेळाडूंच्या किल्सची बेरीज आणि डेथ्सची बेरीज जवळपास सारखीच येणार. (जवळपास, कारण बॉम्बने किंवा उंचावरून पडून मेलात तर डेथ लागते, किल विरोधकाच्या खात्यात जात नाही.) सरासरी एकच्या आसपास राहणार हे गणितानेच ठरलंय. तरी आपल्याकडे ०.९ वाल्याकडे एटीकेटी लागल्यासारखं बघतात. त्यात हे प्रोफाइलमधले मॅच कोणाविरुद्ध होते? गेम तुम्हाला तुमच्याच तोडीच्या लोकांशी जोडायचा प्रयत्न करतो. पाच हजार रेटिंगवरचा १.३ आणि अठरा हजारवरचा ०.९५ यात भारी कोण, हे सांगायला नुसता के/डी पुरत नाही. काका आमच्यात सगळ्यात वरच्या रेटिंगला खेळत होता. ते रेटिंगसुद्धा माझ्या शीटमध्ये होतं हो, सातव्या कॉलममध्ये. मी तिथपर्यंत स्क्रोलच केलं नाही.

दुसरा लाडका आकडा हेडशॉट टक्का. पन्नासच्या वर गेला की लगेच 'हॅक लावलाय' किंवा 'गॉड आहे', मधलं काही नाहीच. हा टक्का म्हणजे तुमच्या किल्सपैकी किती डोक्यात गोळी मारून झाल्या. आता एडब्ल्यूपी ही स्नायपर छातीत एक गोळी लागली तरी मारते. ती वापरणारा डोक्यावर नेम का धरेल? त्याचा टक्का कमीच येणार. एके-४७ ने हेल्मेट घातलेल्याच्या डोक्यात एक गोळी पुरते, एम-४ ने जवळून मारली तरी पुरत नाही. म्हणजे हा टक्का निम्मा तर बंदुकीचा आहे. बरं, दोन किल आणि दोन्ही डोक्यात, तर शंभर टक्के!

इथे आपली एम-थ्री आठवा. (मला आठवते, कारण मी ती दोनदा अभ्यासली.) गेल्या वीस मॅचमध्ये साठ टक्के जिंकला म्हणून कोणाला डोक्यावर घ्यायचं का? साधं नाणं वीस वेळा उडवलं तर बारा किंवा जास्त वेळा छापा पडायची शक्यता सुमारे २५ टक्के आहे. चारातलं एक नाणं 'फॉर्मात' दिसेल. शंभर वेळा उडवून साठ किंवा जास्त छापे येण्याची शक्यता मात्र ३ टक्क्यांच्याही खाली जाते. टक्का तोच, वजन वेगळं. क्रिकेटवाल्यांसाठी उदाहरण देते. वेस्ट इंडिजचा अँडी गँटॉम १९४८ मध्ये एकच कसोटी खेळला, एकाच डावात ११२ केले. सरासरी ११२. ब्रॅडमनची ९९.९४. आता सांगा, गँटॉम मोठा का ब्रॅडमन?

रेटिंग बनवणाऱ्यांना हे कधीच कळलं होतं. बुद्धिबळाच्या रेटिंगची पद्धत बसवणारे अर्पाड एलो हे फिजिक्सचे प्राध्यापक, म्हणजे आपल्यातलेच. नंतर मायक्रोसॉफ्टने एक्सबॉक्ससाठी 'ट्रूस्किल' नावाची पद्धत बनवली. त्यात प्रत्येक खेळाडूमागे दोन आकडे ठेवतात. एक, हा किती चांगला असावा याचा अंदाज. दुसरा, त्या अंदाजाबद्दल आपल्याला शंका किती. नवीन खेळाडूचा शंकेचा आकडा मोठा, मॅच वाढतील तसा तो कमी होतो. मला हे वाचून फार भारी वाटलं. आपल्या मार्कशीटवर तो दुसरा आकडा कुठेच नसतो.

चांगले आकडेही आहेत, नाही असं नाही. एडीआर म्हणजे दर राउंडला सरासरी किती डॅमेज केलं. प्रत्येकाचं आरोग्य शंभर. तुम्ही तिघांना नव्वद-नव्वद लावले आणि मागून येऊन कोणीतरी तिघांना एकेक गोळी घालून संपवलं, तर के/डी मध्ये तुमचं नावही नाही, पण एडीआरमध्ये २७० तुमचेच. आणि माझा सध्याचा आवडता म्हणजे कास्ट. किती टक्के राउंडमध्ये तुम्ही किल केली, किंवा असिस्ट दिला, किंवा जिवंत राहिलात, किंवा मेलात पण ज्याने मारलं त्याला तुमच्या माणसाने लगेच टिपलं. ते शेवटचं महत्त्वाचं. टीममध्ये कोणीतरी पहिला आत घुसावाच लागतो. तो बहुतेक मरतो. पण तो मरतो म्हणून समोरचा कुठे उभा आहे ते मागच्याला कळतं. काकाचं आयुष्य (गेममधलं) यातच गेलं. त्याचे जुने डेमो काढून बघितले, डेथ्स भरपूर, पण त्यातल्या कितीतरी डेथनंतर दोन सेकंदांत आमचा हिशोब चुकता. कधी मीच चुकता केलेला. म्हणजे माझा जो सुंदर के/डी होता, ज्याच्या जोरावर मी स्वतःला टीममध्ये घेतलं, त्यातला बराच काकाने भरलेला.

व्यावसायिक सामन्यांचे आकडे ठेवणाऱ्या एचएलटीव्हीचं उदाहरण घ्या. त्यांनी २०१० मध्ये पहिलं रेटिंग काढलं, २०१७ मध्ये बदलून २.० आणलं, त्यात कास्ट आणि एडीआर घातले, आणि २०२५ मध्ये ३.० आलं, त्यात समोरच्याच्या हातात साधं पिस्तूल होतं का पूर्ण रायफल याचाही विचार होतो. इतकी वर्षं पूर्णवेळ हेच काम करणाऱ्यांना सूत्र परत परत दुरुस्त करावं लागतं, आणि आम्ही एका कॉलमवर सॉर्ट मारून मोकळे! तेवढ्यानेही सगळं पकडता येत नाहीच. फेझ टीमचा कॅप्टन कॅरिगन, आकड्यांत बऱ्याचदा स्वतःच्याच टीममध्ये तळाला असतो. त्याच्याच कॅप्टनशिपमध्ये फेझने २०२२ चा अँटवर्पचा मेजर जिंकला. पुढच्या राउंडला काय करायचं हे ठरवण्याचा कॉलम कोणत्याच शीटमध्ये नाही.

घरी बाबांना हे सांगत होते तर ते म्हणाले, यात नवीन काय? बापू नाडकर्णींनी १९६४ ला मद्रासमध्ये इंग्लंडविरुद्ध ३२ ओव्हर टाकल्या, २७ मेडन, ५ रन, विकेट शून्य. त्यात सलग २१ मेडन. तुझ्या शीटमध्ये नाडकर्णी कितवे आले असते? मी म्हटलं, के/डी शून्य, राखीवमध्येसुद्धा नाही.

व्हॅलोरंटवाल्यांनी हसू नये. तुमचा एसीएस तर सरळसरळ पक्षपाती आहे. समोर पाचही जण जिवंत असताना पहिली किल केली तर १५० गुण, शेवटच्या उरलेल्याला मारलं तर ७०. प्रत्येक डॅमेजचा एक गुण वेगळा. मग आधी घुसणाऱ्या ड्युएलिस्टचा एसीएस फुगणार आणि धूर टाकून सगळ्यांना वाट करून देणारा बिचारा तळाला. आणि मॅच संपायच्या आत त्यालाच ऐकवायचं, 'ब्रो, तुझा एसीएस बघ.'

ही जी मॅच चालू असताना प्रोफाइल उघडायची सवय आहे ना, तिच्यावर माझा खरा राग आहे, आणि त्याचं कारण वैयक्तिक आहे. अनोळखी टीममध्ये मी माईक चालू केला की आवाजावरून कळतं मुलगी आहे. मिनिटभरात कोणीतरी माझं प्रोफाइल उघडतं. विन रेट चांगला दिसला की 'कोणीतरी कॅरी केलंय हिला.' आकडा खराब दिसला की 'वाटलंच होतं.' म्हणजे निकाल आधीच लागलेला असतो, आकडा फक्त पुरावा म्हणून मागवलेला. सध्या मी बऱ्याचदा माईक बंद ठेवते. माहिती न दिल्यामुळे टीमचं नुकसान होतं, हे मला कळतं. त्याचाही कॉलम नाही.

आणि आपणच सगळे प्लेसमेंटच्या सीझनला कॅन्टीनमध्ये बसून शिव्या घालतो, की दहावी, बारावी, डिग्री सगळीकडे साठ टक्के नसतील तर कंपनी तोंडही बघत नाही, माणूस बघत नाही, प्रोजेक्ट बघत नाही. घालतो ना? मी तर सगळ्यात मोठ्याने घालते. आणि त्याच हातांनी मी माझ्या मित्राला एका कट-ऑफने उडवलं, तेही तो रोज माझ्यासमोर खेळत असताना. कंपनीला निदान आपण माहीत तरी नसतो.

या वर्षी शीट आहेच. पण त्यात आता किती मॅचवरून आकडा काढला, कोणत्या रेटिंगला, आणि तो माणूस टीममध्ये काय काम करतो, हे आधी येतं. शिवाय प्रत्येकाचे दोन डेमो निदान दोघांनी बसून बघायचे, एक जिंकलेला आणि एक हरलेला. वेळ जातो. शनिवारची अख्खी रात्र गेली. ज्युनिअरही आहे यादीत, त्याला त्याचाच डेमो दाखवला तर आधी चिडला आणि मग स्वतःच म्हणाला, 'ताई, इथे मी जायला हवं होतं.'

काकाला मी कॅन्टीनमध्ये गाठलं. ऍप्टिट्यूडचं पुस्तक समोर, कटिंग थंड झालेला. मी लॅपटॉप उघडून सगळं सांगितलं, डेमो, ट्रेड, मी चुकले वगैरे. सॉरीसुद्धा म्हटलं, मराठीत म्हणायचा प्रयत्न केला पण 'क्षमस्व' फारच नाटकी वाटलं. तो ऐकत होता, मान हलवत होता. मला वाटलं आता काहीतरी मोठं बोलणार.

'ते सगळं ठीक आहे,' काका म्हणाला, 'पण माझा कास्ट किती आला ते सांग आधी.'

चौऱ्याहत्तर, मी म्हटलं. त्याने लॅपटॉप स्वतःकडे वळवला, मोबाइलने स्क्रीनचा फोटो काढला आणि ग्रुपवर टाकला.