डोरेमॉनला सरकारने पाठवलं नव्हतं

आमच्या क्षेत्रातल्या लोकांना एक खोड असते. कुठलीही गोष्ट यशस्वी झालेली दिसली की तिच्यामागे कुणीतरी बसून 'स्ट्रॅटेजी' आखली असणार, असं आम्हाला वाटतं. जपानी ॲनिमे आणि मांगाबद्दलही ऑफिसच्या कॅन्टीनपासून कॉन्फरन्सपर्यंत हल्ली एकच कथा ऐकू येते. "जपान बघ किती हुशार! आधी गाड्या विकल्या, मग टीव्ही विकले आणि मग सरकारने ठरवून संस्कृती विकली. सॉफ्ट पॉवर, सॉफ्ट पॉवर!" आणि शेवटच्या स्लाइडवर ठरलेला प्रश्न : भारताचा डोरेमॉन कुठे आहे?

ही कथा साफ खोटी आहे. नुसती खोटी असती तर सोडून दिलं असतं, पण ती महागात पडणारी आहे. कारण तिच्यावर विश्वास ठेवून सरकारं पैसे ओततात, आणि तेही चुकीच्या भांड्यात.

आता जरा तारखा बघा. डोरेमॉन हिंदी बोलत आपल्या घरात शिरला तो २००५ च्या सुमारास. जपानच्या परराष्ट्र खात्याने त्याला 'ॲनिमे राजदूत' नेमलं २००८ साली. म्हणजे साहेब आधीच पोचले होते, नेमणुकीचं पत्र मागून आलं!

त्याच्याही मागे जाऊ. युद्धानंतरच्या जपानमध्ये मांगा म्हणजे स्वस्त कागदावरची, पोरांनी भाड्याने आणून वाचायची चीज होती. १९५५ मध्ये पालकांच्या संघटनांनी 'वाईट पुस्तकं हटवा' मोहीम चालवली. मांगा जाळल्यासुद्धा गेल्या. ज्या ओसामू तेझुकाला आज देव मानतात, तोही त्या टीकेतून सुटला नाही. आणि २०१६ च्या रिओ ऑलिम्पिकच्या समारोपाला त्याच देशाचे पंतप्रधान शिंझो आबे मारिओची टोपी घालून अवतरले. मधल्या साठ वर्षांत जे घडलं ते कुठल्याही मंत्रालयाच्या फायलीत सापडणार नाही.

मग ते घडलं कुठे? 'शोनेन जंप'सारख्या साप्ताहिकांत. १९६८ मध्ये सुरू झालेल्या या अंकाचा खप १९९० च्या दशकाच्या मध्यावर ६५ लाखांच्या वर गेला होता. प्रत्येक अंकात एक पोस्टकार्ड असायचं. त्यावर वाचक पोरं आवडलेल्या तीन मालिका लिहून पाठवायची. ज्या मालिकेला मतं नाहीत ती काही आठवड्यांत बंद, मग चित्रकार कितीही मोठा असो. निर्दय पद्धत आहे, मान्य. पण आपल्या भाषेत सांगायचं तर दर आठवड्याला रिलीज आणि दर आठवड्याला खऱ्या युजरचा फीडबॅक. 'ड्रॅगन बॉल' आणि 'वन पीस' या भट्टीतून आले. जगाला काय आवडेल याचा विचार कुणी केला नव्हता. ओसाकातल्या बारा वर्षांच्या पोराला काय आवडेल, एवढाच विचार होता. जग नंतर आलं, आणि तेही आपल्या पायांनी.

आता सरकारी प्रयोगाचा हिशोब. २०१३ च्या नोव्हेंबरमध्ये 'कूल जपान फंड' निघाला, बहुतांश पैसा सरकारचा. क्वालालंपूरमध्ये २०१६ साली झगमगीत जपानी डिपार्टमेंट स्टोअर उघडलं, २०१८ मध्ये फंडाने त्यातून अंग काढून घेतलं. 'वाकुवाकु जपान' नावाची परदेशी वाहिनी २०१४ साली सुरू झाली, २०२२ मध्ये बंद पडली. मार्च २०२२ पर्यंत फंडाचा साठलेला तोटा ३,००० कोटी येनच्या वर गेला होता. टोकियोच्या बाबूंना 'कूल' काय हे ठरवता आलं नाही. दिल्ली-मुंबईच्या बाबूंना येईल?

आपल्याकडचंही एक उदाहरण आहे. १९६० च्या दशकात बेसबॉलवरची एक मांगा जपानमध्ये तुफान गाजली. तिचं क्रिकेट करून, मुंबईतल्या गरीब घरचा नायक घेऊन 'सूरज : द रायझिंग स्टार' ही मालिका २०१२ च्या डिसेंबरमध्ये कलर्सवर आली. खास भारतासाठी आखलेली, जपानी कंपन्यांच्या जाहिराती कथेतच पेरलेली. आज किती जणांना आठवते? उलट आमच्या मोठ्या भावंडांनी दूरदर्शनवर पाहिलेला मोगली जपानी स्टुडिओने काढलेला होता, हे कित्येकांना अजूनही माहीत नाही. तो मात्र सगळ्यांना आठवतो.

इथे कुणीतरी म्हणेल, "मग सरकारने काहीच करायचं नाही का?" करायचं ना! पण कुठे, ते बघा. जपानी ॲनिमेच्या उद्योगाची उलाढाल २०२३ मध्ये ३.३ लाख कोटी येनच्या वर गेली, आणि त्यातली निम्म्याहून जास्त परदेशातली. आणि मधली चित्रं काढणारे जे तळातले कलाकार, त्यांचं सरासरी वार्षिक उत्पन्न २०१५ मध्ये जाहीर झालेल्या पाहणीत ११ लाख येनच्या आसपास निघालं. महिन्याला एक लाख येनसुद्धा नाही! ही रड १९६३ पासूनची आहे. तेझुकाने 'ॲस्ट्रो बॉय' टीव्हीला खर्चापेक्षा कमी भावात दिला, आणि तूट परवान्यांच्या पैशातून भरून काढायचं ठरवलं. पुढे वाहिन्या, प्रकाशक, खेळणीवाले मिळून 'निर्मिती समिती' करू लागले. हक्क समितीकडे, स्टुडिओला ठरावीक रक्कम. आयटीवाल्यांनो, ओळखीचं वाटतंय ना? प्रॉडक्ट क्लायंटचं, रात्री आपल्या. असं व्हायलाच पाहिजे असंही नाही. क्योतो ॲनिमेशनने कलाकारांना मासिक पगारावर ठेवलं, आणि त्यांचं काम जग नावाजतं.

म्हणून मला काळजी वाटते ती आपली. २०२५ च्या मे महिन्यात मुंबईत 'वेव्हज' शिखर परिषद झाली. मुंबईतल्याच इंडियन इन्स्टिट्यूट ऑफ क्रिएटिव्ह टेक्नॉलॉजीजसाठी ४०० कोटी रुपये जाहीर झाले. पैसा येतोय, चांगलंच आहे. पण भाषण तेच जुनं : 'भारत जगाला गोष्टी सांगणार'. अहो, आधी सोलापूरच्या पोराला तर सांगा! आज मराठीत बावीस वर्षांच्या चित्रकाराने चित्रकथा काढली तर ती दर आठवड्याला छापून मानधन देणारी जागा कुठे आहे? 'किशोर' १९७१ पासून नेटाने चाललंय, पण ते एकटं आणि मासिक. या ४०० कोटींतला थोडासा हिस्सा जरी अशा जागा उभ्या करायला आणि चित्रकारांच्या मानधनाला गेला, आणि हक्क चित्रकाराकडेच राहिले, तर काहीतरी उगवेल. बरंच काही फसेल, 'जंप'मध्येही फसतंच.

जपानकडून शिकायचं ते एवढंच. मार्केटिंग नव्हे, पोस्टकार्ड. आणि दुसरं, जे त्यांनी केलं ते करू नका : चित्र काढणाऱ्याला उपाशी ठेवून देशाचा झेंडा मिरवू नका.

कॉमेंटमध्ये भांडायला या. फक्त स्लाइड्स आणू नका.